ट्रॉलीतला ढीग आणि पात्रातला खड्डा : येरळाकाठच्या एका वाळूचोरी गुन्ह्याचा अभ्यास

सांगली जिल्ह्यातील येरळाकाठच्या एका गावातील ट्रॅक्टरमालक आणि त्यांचा चालक यांच्यावर २०२५ च्या मे महिन्यात दाखल झालेला वाळूचोरीचा गुन्हा पुढे उच्च न्यायालयाने दोषारोपपत्रासह रद्द केला. या प्रकरणात मी दोघांच्या वतीने काम पाहिले. त्यांच्या संमतीनेच हे टिपण लिहीत आहे. मात्र गाव, व्यक्ती, संबंधित कार्यालये आणि गुन्ह्याचा क्रमांक येथे जाणीवपूर्वक वगळले आहेत. ज्या कागदांवर हा गुन्हा उभा केला गेला, तशाच धाटणीचे कागद दुसऱ्या प्रकरणांतही माझ्या टेबलावर येतात आणि त्यांतल्या उणिवाही बहुतेक त्याच असतात. म्हणून या एका प्रकरणाची कागदपत्रे ओळीने वाचणे मला उपयोगाचे वाटते.

सुरुवातीलाच एक स्पष्ट करतो. येरळेतून वाळू चोरीला जाते हे मला कोणी सांगावे लागत नाही. साताऱ्याच्या खटाव तालुक्यात उगम पावून पलूस तालुक्यात ब्रह्मनाळजवळ कृष्णेला मिळणाऱ्या या नदीच्या काठी माझे बालपण गेले. जे पात्र आम्ही अनवाणी ओलांडत असू, त्यात आज जागोजाग खड्डे आहेत. वाळूचा थर पावसाचे पाणी धरून ठेवतो आणि ते हळूहळू काठच्या विहिरींना पाझरते. तो थर खरवडून काढला की विहिरी आटतात, हे काठावरचा कोणताही शेतकरी सांगेल. त्यामुळे हे प्रकरण मी वाळूउपशाची बाजू घेऊन लढलेलो नाही. पात्रातला खड्डा कोणी केला याचा शोधच न घेता, पहाटे रस्त्यावर सापडलेल्या ट्रॉलीवर तो खड्डा लिहून टाकणे मला नदीच्या दृष्टीनेही घातक वाटते.

घडले ते असे. ट्रॅक्टरमालक साठीच्या पुढचे आहेत. गावात आणि माझ्या कार्यालयातही त्यांना सगळे आबा म्हणतात. त्यांच्या शेजाऱ्याने दोन वर्षांपूर्वी घर बांधले होते आणि त्या बांधकामातून उरलेली वाळू गोठ्यामागे पडून होती. आबांना मळ्यातल्या गोठ्याची भिंत उचलायची होती, म्हणून शेजाऱ्याने ती वाळू घेऊन जा म्हणून सांगितले. चालकाला दिवसभर दुसरीकडे नांगरटीला जायचे असल्याने त्याने आदल्या रात्री ट्रॉली भरून ठेवली आणि पहाटे साडेपाचच्या सुमारास ती मळ्याकडे काढली. वाटेत गाव रस्त्यावर महसूल खात्याच्या पथकाने त्याला अडवले. चालक घाबरला आणि ट्रॅक्टर तिथेच सोडून शेतातून पळाला.

पळून जाण्याने त्याने स्वतःवरचा संशय वाढवला, यात शंका नाही. पहाटेची वेळ, वाळूने भरलेली ट्रॉली, पळणारा चालक आणि वाहतूक परवान्याचा अभाव या चार गोष्टी एकत्र आल्यावर पथकाने गाडी थांबवून ठेवली, तर त्याबद्दल मी त्यांना दोष देणार नाही. वाळू चोरणारे याच वेळेला बाहेर पडतात. पथकात तीनचार माणसे असतात, हातात बॅटरीपलीकडे काही नसते आणि महसूल कर्मचाऱ्यांच्या अंगावर गाडी घालण्याचे प्रकार या राज्यात घडलेले आहेत. माझा आक्षेप गाडी अडवण्याला नाही. गाडी अडवल्यानंतरच्या अर्ध्या तासात जे करायला हवे होते ते झाले नाही, याला आहे.

पथकाने जागेवर केलेला पंचनामा दीड पानाचा आहे. नमुना छापील असून रिकाम्या जागा हाताने भरल्या आहेत. त्यात लिहिले आहे की, येरळा नदीपात्रातून विनापरवाना उत्खनन करून अंदाजे १ ब्रास वाळू भरलेला ट्रॅक्टर मिळून आला. वाळूची किंमत ६,००० रुपये. पंच म्हणून दोन नावे आहेत आणि ती दोन्ही माणसे पथकाबरोबरच आलेली होती. चतुःसीमेच्या रकान्यात पूर्वेस नदी आणि पश्चिमेस रस्ता एवढेच आहे. गट क्रमांक नाही. वाळू ओली होती की कोरडी, हे नाही. नदीत ताजा खड्डा दिसला का, पात्रापासून रस्त्यापर्यंत टायरच्या खुणा होत्या का, फावडी-पाट्या मिळाल्या का, यांपैकी कशाचाही उल्लेख नाही. वाळूचा नमुना घेतलेला नाही आणि ट्रॉलीला मोजमापाची फीत लावलेली नाही.

फिर्याद चौथ्या दिवशी संध्याकाळी दाखल झाली. कलमे लावली ती भारतीय न्याय संहितेचे ३०३(२) (चोरी) आणि ३(५) (अनेकांचा समान हेतू), महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ चे ४८(७) व ४८(८), आणि पर्यावरण संरक्षण अधिनियम, १९८६ चे ९ व १५. उशीर का झाला याचे कारण फिर्यादीत एका शब्दानेही आलेले नाही.

या कलमांच्या यादीबद्दल थोडे थांबून लिहायला हवे, कारण वाळूच्या फिर्यादींत ती बहुधा सवयीने लिहिली जाते. जमीन महसूल संहितेच्या कलम ४८(७) खाली विनापरवाना गौण खनिज काढणाऱ्याला बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड करता येतो आणि ४८(८) खाली वाहन व यंत्रसामग्री जप्त करता येते. दोन्ही अधिकार जिल्हाधिकाऱ्यांचे, किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या व तहसीलदारापेक्षा कमी दर्जाच्या नसलेल्या अधिकाऱ्याचे आहेत. ही महसुली कारवाई आहे. तिच्यात तुरुंगवास नाही आणि पोलिसांनी तिचा तपास करावा अशी रचनाही नाही. जप्त केलेले वाहन ४८ तासांच्या आत जिल्हाधिकारी किंवा प्राधिकृत उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यासमोर हजर करायचे असते. आमच्या प्रकरणात जप्ती तहसीलदारांच्या हाताखालच्या मंडळ अधिकाऱ्यांच्या सहीने झाली, तहसीलदारांचा आदेश दुसऱ्या दिवशीच्या तारखेचा निघाला आणि प्रांत, म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्यांच्या, कार्यालयात वाहनाचा कागद पोहोचला सहाव्या दिवशी. पर्यावरण अधिनियमाचे कलम १५ तर जनविश्वास अधिनियम, २०२३ ने पार बदलले. १ एप्रिल २०२४ पासून त्या कलमातली कैदेची शिक्षा गेली असून न्यायनिर्णय अधिकाऱ्याने बसवायचा दंड तिच्या जागी आला आहे. एक वर्षानंतरच्या फिर्यादीतही ते कलम जुन्या अर्थाने टाकलेले होते. म्हणजे गुन्हा म्हणून खऱ्या अर्थाने उरले ते एकच कलम, चोरीचे.

चोरी सिद्ध करायची तर कायद्याला काय लागते, ते पाहू. वस्तू जंगम असावी, ती दुसऱ्याच्या ताब्यात असावी, त्याच्या संमतीवाचून ती ताब्यातून हलवलेली असावी आणि हे सारे अप्रामाणिक हेतूने केलेले असावे. वाळू जमिनीला लागून असते तोवर जंगम नसते. ती जमिनीपासून वेगळी झाली की चोरीचा विषय होऊ शकते, असे कलम ३०३ च्या स्पष्टीकरणातच आहे. नदीचे पात्र राज्य शासनाच्या मालकीचे, हे जमीन महसूल संहितेच्या कलम २० ने ठरलेले आहे. तेव्हा पात्रातून परवान्याशिवाय वाळू उचलणे ही शासनाच्या ताब्यातील मालाची चोरी होते, याबद्दल वाद नाही. सर्वोच्च न्यायालयाने दिल्ली राज्य विरुद्ध संजय या सप्टेंबर २०१४ च्या निकालात हेच सांगितले आहे : खाणी व खनिजे अधिनियम, १९५७ च्या कलम २२ प्रमाणे त्या अधिनियमाखालील गुन्ह्याची दखल घेण्यासाठी प्राधिकृत अधिकाऱ्याची लेखी तक्रार लागते, पण त्यामुळे चोरीच्या स्वतंत्र गुन्ह्याचा तपास करण्यास पोलिसांना अडथळा येत नाही. डिसेंबर २०२० च्या जयंत विरुद्ध मध्य प्रदेश राज्य या निकालात याच्या पुढे जाऊन असे ठरले की, त्या अधिनियमाखाली तडजोडीची रक्कम भरली तरी चोरीचा खटला आपोआप संपत नाही.

हे दोन्ही निकाल शासनाच्या बाजूचे आहेत आणि ते बरोबर आहेत असे माझे मत आहे. पण दोन्हींमध्ये उत्तर मिळते ते, चोरीचा गुन्हा लावता येतो का, या प्रश्नाचे. आबांच्या प्रकरणातला प्रश्न वेगळा होता. ट्रॉलीतली वाळू येरळेच्या पात्रातून, म्हणजे शासनाच्या ताब्यातून आली, असे दाखवणारा एक तरी कागद दोषारोपपत्रात आहे का?

दोषारोपपत्र सप्टेंबरमध्ये आले आणि त्यातील सगळी कागदपत्रे मी दोनदा वाचली. मूळ पंचनामा, पंचांचे जबाब, परिवहन कार्यालयाचा मालकीचा दाखला, चालकाचा जबाब, शेजाऱ्याचा जबाब, पथकाने मोबाइलवर काढलेली तीन छायाचित्रे, तपासी अंमलदारांनी महसूल कार्यालयाला पाठवलेले पत्र व त्याचे उत्तर, आणि ट्रॅक्टर सोडतेवेळचा पंचनामा, एवढाच हा संच होता.

चालकाच्या जबाबात, मालकाच्या सांगण्यावरून नदीतून वाळू भरली, असे वाक्य आहे. तो जबाब पोलिसांनी पोलीस ठाण्यात घेतलेला आहे. भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम २३ प्रमाणे पोलिसांसमोर दिलेली कबुली आरोपीविरुद्ध सिद्ध करता येत नाही. त्या कबुलीतून नवे काही शोधून काढलेले असते, उदाहरणार्थ चालकाने पात्रात नेऊन खड्डा दाखवला असता, तर तेवढ्या भागाला किंमत आली असती. तसे काही झालेले नाही. आबांविरुद्ध या जबाबापलीकडे होता तो फक्त गाडी त्यांच्या नावावर असल्याचा दाखला. आबा पहिल्या भेटीत म्हणाले होते, "वकीलसाहेब, ट्रॉली माझीच हाय, न्हाई म्हणत न्हाई. पर नदीचा आन् तिचा काय संबंध, त्यो तरी कुणी दाखवावा." पुढे न्यायालयात मी जे काही मांडले, ते सारे आबांच्या या बोलण्यात आधीच आलेले होते.

शेजाऱ्याचा जबाब तपासी अंमलदारांनी स्वतःहून नोंदवला होता, ही त्यांच्या प्रामाणिकपणाची बाब मी येथे नमूद करतो. त्यात शेजाऱ्याने सांगितले आहे की, घराच्या बांधकामातून उरलेली वाळू माझ्या गोठ्यामागे होती आणि ती मीच न्यायला सांगितली. त्याच्याकडे त्या वाळूची पावती नव्हती. तरीही सरकार पक्षाचाच साक्षीदार वाळूचा ठावठिकाणा नदीपासून दूर, एका खासगी घरामागे सांगत होता आणि त्याला खोटे ठरवणारे काहीही तपासात आले नव्हते.

महसूल कार्यालयाचे उत्तर चार ओळींचे आहे. त्या दिवशी किंवा त्याच्या आसपास संबंधित गावाच्या हद्दीत नदीपात्रातील उत्खननाचा पंचनामा अथवा मोजणी झालेली नाही, असे त्यात स्पष्ट लिहिले आहे.

छायाचित्रांपैकी दुसऱ्यावर बराच वेळ नजर ठेवली. मोबाइलमधल्या सुविधेने त्यावर वेळ आणि अक्षांश-रेखांश उमटलेले होते. ते नकाशावर घातले असता जागा गाव रस्त्यावर येते आणि तिथून पात्र सुमारे दोन किलोमीटर दूर आहे. पंचनाम्यातल्या चतुःसीमेत पूर्वेला दाखवलेली नदी तिथे नाही. चित्र मोठे करून पाहिले तर ट्रॉलीच्या मागच्या कोपऱ्यात वाळूत अर्धवट रुतलेला विटेचा तुकडा आणि त्याच्या शेजारी मुठीएवढा, घट्ट झालेला सिमेंटचा गड्डा दिसतो. बांधकामावर मालाचे घमेले उपडे केल्यावर तळाला जो चिकटून राहतो, तसा. नदीतून नुकत्याच उपसलेल्या वाळूत असा गड्डा सापडायचे कारण नाही. हे मी न्यायालयाला दाखवले, पण त्यावर सगळा भार टाकला नाही. छायाचित्रातला तुकडा कशाचा आहे हा पुराव्याचा प्रश्न आहे आणि गुन्हा रद्द करण्याच्या अर्जात न्यायालय पुरावा तोलायला बसत नाही.

आता वाळूच्या मोजमापाकडे येतो. प्रकरणाचा हा भाग मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो, जरी निकाल त्यावर लागलेला नसला. भारतीय न्याय संहितेत चोरीच्या शिक्षेला एक नवे परंतुक, म्हणजे अपवादाची तरतूद, जोडले आहे : मालाची किंमत ५,००० रुपयांपेक्षा कमी असेल, आरोपी प्रथमच दोषी ठरत असेल आणि माल किंवा त्याची किंमत परत केली असेल, तर शिक्षा समाजसेवेची आहे. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या पहिल्या अनुसूचीत अशी ५,००० रुपयांखालची चोरी अदखलपात्र ठरवली आहे. अदखलपात्र गुन्ह्याचा तपास पोलिसांना न्यायदंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय करता येत नाही, हे त्याच संहितेचे कलम १७४ सांगते. येथे असा आदेश घेतलेला नव्हता.

म्हणजे पंचनाम्यात अंदाजे म्हणून लिहिलेल्या १ ब्रासवर आणि कोणत्याही आधाराविना धरलेल्या ६,००० रुपयांच्या दरावर संपूर्ण तपासाची वैधता टांगलेली होती. एक ब्रास म्हणजे १०० घनफूट. आबांची ट्रॉली आतून ९ फूट लांब आणि साडेपाच फूट रुंद असून फाळके पावणेदोन फूट उंच आहेत. काठोकाठ भरली तरी तिच्यात साडेशहाऐंशी घनफुटांच्या आसपासच वाळू मावते. फिर्यादीतलाच दर लावला तर किंमत सुमारे ५,२०० रुपये होते. वाळू काठापासून फक्त एक इंच खाली असेल तर साडेब्याऐंशी घनफूट भरते आणि किंमत ४,९५० रुपयांवर येते. गुन्हा दखलपात्र की अदखलपात्र, हे त्या एका इंचाने ठरणार होते आणि तो इंच कोणीही मोजला नव्हता.

ट्रॉलीला पहिल्यांदा फीत लागली ती ऑगस्टमध्ये, न्यायदंडाधिकाऱ्यांनी नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ५०३ खाली वाहन परत देण्याचा आदेश केल्यावर. तोपर्यंत ती तीन महिने सरकारी आवारात लिंबाच्या झाडाखाली उभी होती. सुंदरभाई अंबालाल देसाई विरुद्ध गुजरात राज्य या २००२ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले आहे की, जप्त वाहने पोलीस ठाण्याच्या आवारात सडत ठेवू नयेत, छायाचित्रे आणि पंचनामा करून ती लवकर सोडावीत. त्या दिवशी मी आबांबरोबर आवारात गेलो होतो. ट्रॉलीतल्या वाळूवर हातभर गवत वाढले होते. मागच्या फाळक्याला खालच्या बाजूला बोटभर फट होती आणि पावसाच्या पाण्याबरोबर त्या फटीतून वाळू वाहून ट्रॉलीच्या मागे जमिनीवर पंख्यासारखी पसरली होती. पोलिसांनी आत फीत धरली, उंची १ फूट ४ इंच भरली, म्हणजे ६६ घनफूट. मुद्देमाल तीन महिने आमच्या डोळ्यांदेखत गळत होता.

ही मोजणी आमच्या फायद्याची दिसते, पण ती तशी पुरेशी नव्हती. जप्तीच्या दिवशी ट्रॉली भरलेली होती आणि पावसाने वाळू वाहून गेली, असे सरकार पक्ष म्हणू शकत होता आणि पुढे तसे म्हणालाही. छायाचित्रात वाळू काठाखाली दिसते, मात्र किती खाली हे त्यावरून छातीठोकपणे सांगता येत नाही. शिवाय नव्या परंतुकातील प्रथमच दोषी ठरणे आणि माल परत करणे या अटींचा गुन्हा दखलपात्र असण्याशी नेमका काय संबंध, हाही वादाचा मुद्दा आहे. म्हणून हा मुद्दा अर्जात घेतला, पण शेवटी ठेवला.

अर्ज कुठे करावा यावर आमच्यात मतभेद होते. माझ्या ज्येष्ठ सहकाऱ्यांचे म्हणणे होते की, न्यायदंडाधिकाऱ्यांपुढे नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम २६२ खाली दोषमुक्तीचा, म्हणजे आरोप निश्चित होण्याआधीच सोडून द्यावे असा, अर्ज करावा. दोषारोपपत्राच्या प्रती मिळाल्यापासून ६० दिवसांची मुदत हाताशी आहे आणि पुराव्याचा अभाव दाखवायला तीच योग्य जागा आहे. त्यांच्या म्हणण्यात तथ्य होते. सर्वोच्च न्यायालयाने निहारिका इन्फ्रास्ट्रक्चर विरुद्ध महाराष्ट्र राज्य या एप्रिल २०२१ च्या निकालात गुन्हा रद्द करण्याचा अधिकार फार जपून वापरावा असे बजावलेले आहे. तरीही मी उच्च न्यायालयाच्या बाजूने होतो, कारण आमचे म्हणणे पुरावा कमकुवत आहे एवढेच नव्हते. दोषारोपपत्रातला प्रत्येक कागद जसाच्या तसा खरा मानला, तरी त्यातून चोरी दिसत नाही, असे आमचे म्हणणे होते. दोषारोपपत्र दाखल झाल्यावरही असा अर्ज चालतो, हे आनंदकुमार मोहट्टा विरुद्ध दिल्ली राज्य या २०१८ च्या निकालाने स्पष्ट केलेले आहे. आणि १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच सुरू झाल्याने आमच्या अशिलांना रात्रीची महालक्ष्मी एक्स्प्रेस पकडून मुंबई गाठण्याची गरज उरलेली नव्हती. आबांसारख्या माणसाच्या बाबतीत ही सोय निर्णय बदलू शकते.

सुनावणीत आम्ही हरियाणा राज्य विरुद्ध भजनलाल या नोव्हेंबर १९९० च्या निकालातील वर्गवारीचा आधार घेतला. त्यातला तिसरा प्रकार असा की, फिर्यादीतील आरोप आणि तपासात गोळा झालेला पुरावा न खोडताही त्यातून गुन्हा घडल्याचे दिसत नसेल, तर कार्यवाही रद्द करता येते. चौथा प्रकार अदखलपात्र गुन्ह्याच्या विनापरवानगी तपासाचा. आम्ही जोर दिला तो तिसऱ्यावर.

सरकारी वकिलांनी संजय आणि जयंत हे दोन निकाल मांडले आणि मग एक प्रश्न विचारला, जो मला या सगळ्या सुनावणीतला सर्वांत कसदार वाटतो. ते म्हणाले की, शेजाऱ्याच्या गोठ्यामागची वाळू तरी कुठून आली? ती कधीतरी कोणत्यातरी नदीतूनच आलेली असणार आणि तिची पावती कोणाकडेच नाही. या प्रश्नाला बगल देणे योग्य झाले नसते. आमचे उत्तर असे होते की, दोन वर्षांपूर्वी ती वाळू कोणी चोरून आणली असेल, तर ती चोरी वेगळ्या माणसाची, वेगळ्या दिवसाची आणि कदाचित वेगळ्या नदीवरची आहे. ती घेणाऱ्यावर चोरीचा माल स्वीकारल्याचा, म्हणजे कलम ३१७ चा आरोप ठेवायचा तर आधी मूळ चोरी आणि मग घेणाऱ्याला तिची असलेली जाणीव दाखवावी लागेल. तसा आरोप दोषारोपपत्रात नाही आणि तशी एक ओळही तपासात नाही. मे महिन्यातल्या त्या पहाटे वाळू ज्याच्या ताब्यातून निघाली, त्याने स्वतःच ती दिली होती.

न्यायालयाने आमचा अर्ज मंजूर केला. आदेशाचा गाभा असा की, नदीपात्रातून वाळू काढणे ही चोरी होऊ शकते हे निर्विवाद आहे. परंतु प्रस्तुत प्रकरणात वाळू पात्रातून काढल्याचे दाखवणारा ग्राह्य पुरावा दोषारोपपत्रात अजिबात नाही, उलट सरकार पक्षाचाच साक्षीदार आणि महसूल कार्यालयाचेच उत्तर विरुद्ध दिशेला जातात. मालकाविरुद्ध तर वाहनाच्या मालकीखेरीज काहीच नाही. अशा स्थितीत खटला चालू ठेवणे निरर्थक ठरेल. किंमत आणि अदखलपात्रतेच्या मुद्द्यात जाण्याची गरज न्यायालयाला वाटली नाही. तो मुद्दा कधीतरी, मोजमाप नीट झालेल्या एखाद्या प्रकरणात, ठरावा अशी माझी इच्छा आहे.

आदेशाच्या शेवटच्या परिच्छेदाकडे अशा प्रकरणांत सहसा दुर्लक्ष होते. त्यात न्यायालयाने स्पष्ट केले की, फौजदारी कार्यवाही रद्द झाल्याने जमीन महसूल संहितेखालील दंडाच्या कार्यवाहीवर परिणाम होणार नाही आणि त्या कार्यवाहीतील दोन्ही पक्षांचे मुद्दे खुले राहतील. हे योग्यच आहे. कलम ४८(७) ची भाषा चोरीच्या कलमापेक्षा रुंद आहे. तिच्यात जुन्या साठ्यांमधून विनापरवाना खनिज उचलण्याचाही समावेश आहे. घराच्या बांधकामातून उरलेला ढीग त्या शब्दांत बसतो का, यावर कलम २४७ खालचे आमचे अपील प्रांताधिकाऱ्यांपुढे चालू आहे. बसत नाही असे माझे मत आहे, कारण तो ढीग खाणीचा किंवा शासनाच्या हक्काचा साठा नाही. पण बसतो असे ठरले तर आबा दंड भरतील. फौजदारी गुन्ह्यातून सुटणे आणि महसुली दायित्वातून सुटणे या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे मी त्यांना पहिल्याच दिवशी सांगितले होते आणि अशा प्रत्येक अशिलाला ते सांगायला हवे.

वकील म्हणून मला समाधान मिळाले, तरी एक गोष्ट मनातून जात नाही. फिर्यादीच्या पहिल्याच ओळीत येरळेच्या पात्रातील उत्खननाचा उल्लेख आहे आणि गावाच्या हद्दीत, स्मशानभूमीच्या खालच्या अंगाला, तसा मोठा खड्डा खरोखर आहे. तो आबांच्या ट्रॉलीने झालेला नाही. एका ट्रॉलीने तसा खड्डा होतही नाही. त्या पहाटे पथकातल्या एकाने दोन किलोमीटर चालून जाऊन खड्ड्याची लांबी, रुंदी आणि खोली मोजली असती, गट क्रमांक लिहिला असता, मूठभर वाळू पिशवीत घालून तिच्यावर पंचांच्या सह्या घेतल्या असत्या आणि तशीच दुसरी पिशवी ट्रॉलीतून भरली असती, तर दोन्ही वाळू एक आहेत की नाहीत हे तपासता आले असते. नागरिक सुरक्षा संहितेचे कलम १०५ आता पोलिसांना झडती आणि जप्तीचे दृकश्राव्य चित्रीकरण बंधनकारक करते. पोलिसांनी ठाण्यात केलेल्या जप्तीचेही तसे चित्रीकरण झाले नव्हते. यातल्या कोणत्याही कामाला मोठा खर्च लागत नाही. ते झाले असते तर आबा चौथ्या दिवशीच यातून मोकळे झाले असते आणि खड्डा करणाऱ्याचा माग काढायला कोणाच्या तरी हातात काहीतरी राहिले असते. झाले असे की, सगळा तपास एका ट्रॉलीभोवती फिरला आणि खड्ड्याच्या नावावर एकही कागद तयार झाला नाही.

आदेशाची प्रत मिळाल्यावर आबा ती घ्यायला माझ्याकडे आले. त्यांची विहीर त्या खड्ड्यापासून फार लांब नाही आणि गेल्या दोन उन्हाळ्यांत ती मार्चअखेरीलाच तळ दाखवत आहे. आम्ही दोघांनी बसून तहसील कार्यालयाच्या नावे एक अर्ज लिहिला : स्मशानभूमीखालच्या पात्रातील खड्ड्याची मोजणी करून पंचनामा करावा आणि उत्खनन करणाऱ्यांचा शोध घ्यावा. आबांनी पहिली सही केली, त्यांच्याखाली शेजाऱ्याने आणि नंतर काठावरच्या आणखी अकरा शेतकऱ्यांनी. त्या अर्जाची शिक्का मारलेली पोच माझ्या फायलीत आदेशाच्या प्रतीला टाचून ठेवली आहे. मोजणीची तारीख अजून आलेली नाही.